व्हडलें घर : गोव्याचं इन्क्विझिशन कसं चालायचं

खानदेशातून निघालेल्या गोवा-सहलीच्या गाड्या जुन्या गोव्यात तासभर थांबतात. एरंडोल-पारोळ्याकडची मंडळी बॉम जेझूच्या चर्चमध्ये झेवियरची शवपेटी बघतात, रस्ता ओलांडून से कॅथेड्रलमध्ये डोकावतात आणि मग कोणीतरी गाईडला हमखास विचारतं, "ते लोकांना जाळायचे, ती कचेरी कुठं आहे?" गाईड कॅथेड्रलशेजारच्या मोकळ्या जागेकडे हात करतो. तिथे बघण्यासारखं काही नाही. एकेकाळी तिथे आदिलशहाचा वाडा होता. १५६० पासून त्यातच इन्क्विझिशनचं, म्हणजे चर्चच्या धर्मचौकशीचं, न्यायालय आणि त्याचा तुरुंग होता. स्थानिक लोक त्याला 'व्हडलें घर', म्हणजे थोरलं घर म्हणत. एकोणिसाव्या शतकात ते पाडलं गेलं.

गाडीत परत बसल्यावर प्रश्न सुरू होतात. किती माणसं मारली? हिंदूंनाच धरायचे का? झेवियरनेच आणलं ना हे? देवळं यांनीच पाडली ना? आणि हे आपल्याकडे, खानदेशात का नाही आलं? हे प्रश्न घेऊनच पुढे जाऊ. मात्र 'किती'चं उत्तर शेवटी. आधी कळलं पाहिजे की मोजायचं काय.

१. पकडायचं कोणाला?

पहिलं उत्तर अनेकांना पटत नाही. हे न्यायालय मुख्यतः ख्रिस्ती माणसांसाठी होतं.

चर्चच्या कायद्यात पाखंड हा गुन्हा करायला आधी बाप्तिस्मा झालेला असावा लागतो. एरंडोलचा एखादा गणपतीभक्त चर्चच्या दृष्टीने चुकीच्या वाटेवर असेल, पण तो पाखंडी ठरत नाही, कारण तो त्या घरातलाच नाही. ज्याने बाप्तिस्मा घेतला आणि नंतर चर्चच्या शिकवणीविरुद्ध काही मानलं, बोललं किंवा केलं, तो पाखंडी. म्हणजे इन्क्विझिशनचा रोख आपल्याच कळपातल्या मेंढरांवर होता.

गोव्यात हा नियम ताणला गेला. धर्मांतरात अडथळा आणणारा, बाटलेल्याला पुन्हा स्वधर्मात घेऊ पाहणारा, वडील वारलेल्या मुलाला बाप्तिस्म्यापासून लपवणारा, बंदी असलेले विधी करणारा हिंदूही या न्यायालयाच्या हाती लागू शकत असे. त्याच्यावर पाखंडाचा आरोप नसे. त्याला दंड, फटके किंवा सक्तमजुरी होई. पण यंत्रणेचा खरा भार पडला तो एक-दोन पिढ्यांपूर्वी ख्रिस्ती झालेल्या गोवेकरावर. आजी हिंदू, नातू ख्रिस्ती, चूल एक. अशा घरात कुठला आचार धर्माचा आणि कुठला नुसत्या सवयीचा हे कोणी ठरवायचं?

२. हे युरोपातून कसं आलं?

बाराव्या शतकात फ्रान्सच्या दक्षिणेला कॅथार नावाचा पंथ पसरला. दृश्य जग सैतानाने घडवलं, असं ते मानत आणि चर्चचे संस्कार नाकारत. ११८४ मध्ये पोप तिसरा लुशियस याने बिशपांना आपापल्या भागातले पाखंडी शोधून काढायला सांगितलं. बिशपांना एवढा वेळ आणि उत्साह नव्हता. म्हणून १२३० च्या दशकात पोप नववा ग्रेगरी याने खास तपास-अधिकारी नेमायला सुरुवात केली. बहुतेक जण डॉमिनिकन संन्यासी होते. १२५२ मध्ये पोप चौथा इनोसंट याने चौकशीत छळाला परवानगी दिली.

तरी हे मध्ययुगीन न्यायालय सरसकट जाळत सुटलेलं नव्हतं. तुलूझचा प्रसिद्ध तपास-अधिकारी बर्नार्ड गी याने १३०७ ते १३२३ या काळात नऊशेहून अधिक शिक्षा सुनावल्या. त्यांत जिवंत जाळण्याच्या चाळिसेक. बाकीच्यांना कैद, तीर्थयात्रा, किंवा कपड्यावर पिवळा क्रूस शिवून हिंडणं. नोंदवही मात्र चोख. गीने पुढच्या अधिकाऱ्यांसाठी प्रश्न कसे विचारावेत याचं मार्गदर्शक पुस्तकही लिहिलं.

पुढचा टप्पा स्पेनचा. १४७८ मध्ये पोपने स्पेनच्या राजा-राणीला स्वतःचे तपास-अधिकारी नेमण्याचा अधिकार दिला आणि न्यायालय राजाच्या हातात गेलं. १४९२ मध्ये स्पेनने ज्यूंना हाकललं, त्यातले हजारो पोर्तुगालात आले. १४९७ मध्ये पोर्तुगालच्या राजाने त्यांना सक्तीने ख्रिस्ती केलं. हे झाले 'नवे ख्रिस्ती'. जे मनापासून आलेच नव्हते, त्यांच्या मनात काय आहे हे तपासायला १५३६ मध्ये पोर्तुगालातही इन्क्विझिशन उभं राहिलं. आधी जबरदस्तीने आत घ्यायचं आणि मग 'तू मनाने आत आहेस का?' म्हणून विचारायचं, हा उलटा न्याय गोव्यात जसाच्या तसा आला.

३. झेवियरनेच आणलं का?

मागणी त्याने केली, हे खरं. १५४२ मध्ये गोव्याला आलेल्या फ्रान्सिस झेवियर या धर्मप्रचारकाने १५४६ मध्ये मोलुक्का बेटांवरून पोर्तुगालच्या राजा तिसऱ्या जॉनला पत्र लिहून गोव्यात इन्क्विझिशन हवं असं कळवलं. पण न्यायालय सुरू झालं तेव्हा त्याला जाऊन आठ वर्षं झाली होती. शिवाय तो एकटा मागणारा नव्हता. चर्चमधल्या इतरांनाही गोव्यात येऊन राहिलेल्या नव्या ख्रिस्ती व्यापाऱ्यांबद्दल संशय होता. १५४३ मध्ये, म्हणजे न्यायालय नसतानाच, जेरोनिमो दियाश या वैद्याला गोव्यात यहुदी धर्म पाळल्याच्या आरोपावरून मारून जाळलं गेलं होतं.

१५६० मध्ये आलेशू दियाश फाल्कांव हा अधिकारी लिस्बनहून आला. त्याच्या न्यायालयाची हद्द गोव्यापुरती नव्हती. आफ्रिकेच्या दक्षिण टोकापासून मकावपर्यंत, पोर्तुगीजांच्या ताब्यातला सगळा पूर्वेकडचा मुलूख या एका कचेरीखाली. आपल्याकडचे चौल, वसई आणि दमणही त्यात आले. एरंडोलपासून दमण सरळ पश्चिमेला, जरा दक्षिणेकडे झुकून, हवाई अंतराने अडीचशे-पावणेतीनशे किलोमीटर. इन्क्विझिशन खानदेशाच्या इतकंच जवळ आलं होतं.

सुरुवातीला जाळ्यात सापडले ते मुख्यतः नवे ख्रिस्ती. त्यांतलं सर्वांत मोठं नाव गार्सिया द ओर्ता. हा वैद्य अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशहाच्या दरबारी जायचा, मुंबई बेट त्याच्याकडे भाडेपट्ट्याने होतं. १५६३ मध्ये गोव्यात छापलेल्या त्याच्या पुस्तकात आंबा, हिंग, भांग यांपासून पटकीच्या रोगापर्यंत सगळं संवादाच्या रूपात आहे. १५६८ मध्ये तो वारला, मानाने पुरला गेला. लगेच त्याच्या बहिणीला, कातारिनाला धरलं आणि १५६९ मध्ये जाळलं. नातलगांच्या जबान्यांतून ओर्ताही गुपचूप यहुदी धर्म पाळायचा असं कागदावर आलं. १५८० मध्ये त्याची हाडं उकरून जाळण्यात आली. मेलेल्या माणसावर खटला कशासाठी? एक कारण कायद्याचं, पाखंडाला मुदत नाही. दुसरं व्यवहाराचं: दोषी ठरलेल्याची मालमत्ता जप्त होई आणि वारसांच्या नावाला डाग लागे.

सोळाव्या शतकाच्या अखेरीपासून चित्र पालटलं. नव्या ख्रिस्त्यांपेक्षा 'हिंदू आचार पाळणारे ख्रिस्ती' हाच न्यायालयाचा मुख्य उद्योग झाला.

४. एक खटला, पायरीपायरीने

समजा, १७४० च्या सुमारास गोव्यातल्या सासष्टीत पेद्रू नावाचा शेतकरी आहे. माणूस कल्पित, नियम खरे. त्याच्या पणजोबाचा बाप्तिस्मा झालेला. पेद्रू दर रविवारी चर्चला जातो. त्याच्या मुलीच्या लग्नात बायकांनी ओव्या म्हटल्या, सोयऱ्यांना पानसुपारी-फुलं दिली. घरात भात मीठ न घालता शिजतो, मीठ नंतर पानात. परसात तुळस आहे.

१७३६ च्या एप्रिलमध्ये न्यायालयाने काढलेल्या जाहीरनाम्यात यातली प्रत्येक गोष्ट निषिद्ध आहे. ओव्या नकोत, पानफुलं नकोत, बिनमिठाचा भात नको, तुळस उपटून टाका, पुरुषांनी धोतर नेसू नये, बायकांनी चोळी घालू नये. असे जाहीरनामे चर्चमध्ये वाचून दाखवत आणि सोबत बजावत की कोणी असं करताना दिसलं तर ठराविक दिवसांत येऊन सांगा. माहीत असून न सांगणं हाही गुन्हा.

इथे यंत्राची कळ आहे. पेद्रूच्या शेजारणीचं त्याच्याशी वैर असायची गरजच नाही. लग्नात ती हजर होती एवढं पुरे. उद्या दुसऱ्या कोणी जाऊन सांगितलं आणि आपण गप्प राहिलो हे उघड झालं तर? म्हणून ती आधी जाते. जबानी देते. गुप्ततेची शपथ घेऊन परत येते आणि पेद्रूला रोज विहिरीवर भेटत राहते.

मग पेद्रूला उचलतात. त्याला सांगत नाहीत कोणी तक्रार केली, कधी केली, कशाबद्दल केली. एकच प्रश्न: तुला इथे का आणलं, आठव आणि कबूल कर. अशी ताकीद तीनदा. शाळेत मास्तर पोराला उभं करून "काय केलंस ते तूच सांग" म्हणतात, तेव्हा पोरगं घाबरून भलत्याच चार खोड्या कबूल करतं आणि मास्तरांना हवी असलेली पाचवी राहूनच जाते. पेद्रूचं तेच होतं. तो तुळशीचं सांगतो. तक्रार ओव्यांची आहे. न्यायालयाच्या भाषेत ही 'अपुरी कबुली', आणि अपुरी कबुली म्हणजे पश्चात्ताप खोटा. ओव्या कोणी म्हटल्या, त्या बायकांची नावं न सांगणं हेही अपुरेपणच. म्हणून पूर्ण कबुलीतून दरवेळी चार-पाच नवी नावं निघतात आणि खटला व्यायला लागतो.

वकील मिळतो, पण न्यायालयाने नेमलेला. साक्षींची नक्कल मिळते, पण नाव, गाव, तारीख गाळून. आपला वैरी कोण हे पेद्रूला ओळखून दाखवता आलं तर ती साक्ष कमजोर होऊ शकते, म्हणून आरोपी तुरुंगात बसून आयुष्यभराच्या भांडणांची यादी करत. पुरावा अर्धवट वाटला तर छळ: दोरीने टांगणं किंवा फळ्यावर आवळणं. छळ ही शिक्षा मानत नसत, चौकशीचाच भाग होता.

पहिल्यांदा सापडलेला आणि कबूल झालेला पेद्रू बहुधा वाचतो. त्याला पिवळ्या कापडाचा अंगरखा घालून मिरवणुकीत चालवतात, दोष जाहीर वाचतात, फटके, हद्दपारी किंवा गलबतावर वल्ही मारण्याची सजा देतात. दुसऱ्यांदा सापडला तर पश्चात्तापही कामाचा नाही. त्याला 'लौकिक सत्तेच्या', म्हणजे सरकारच्या, स्वाधीन करतात, कारण चर्चने रक्त सांडायचं नसतं. सोबत दयेची विनंतीही करतात. ती मान्य करण्याची सोय त्या सरकारी न्यायाधीशाला नसे. शेवटच्या क्षणी पश्चात्ताप केला तर आधी गळा आवळत, मग जाळत. दया म्हणायची ती एवढीच.

५. आतून बघणारा साक्षीदार

कैद्याला सोडताना न्यायालय शपथ घ्यायला लावी: आत काय पाहिलं ते बोलणार नाही. बहुतेकांनी ती पाळली. शार्ल देलाँ या फ्रेंच वैद्याने मोडली, म्हणून आपल्याला आतलं माहीत आहे.

देलाँ दमणला वैद्यकी करायचा, पंचविशीच्या आतबाहेरचा होता आणि तोंडाचा फटकळ. बाप्तिस्म्याबद्दल, मूर्तींबद्दल लोकांशी वाद घालायचा. इन्क्विझिशनचे अधिकारीही चुकू शकतात असंही बोलून गेला. त्यातच दमणच्या गव्हर्नरला त्याच्याबद्दल एका स्त्रीवरून मत्सर होता, असं तो स्वतः लिहितो. धोका जाणवून तो आपण होऊन न्यायालयाच्या स्थानिक प्रतिनिधीकडे गेला आणि आपलं बोलणं सांगून टाकलं. तरी ऑगस्ट १६७३ मध्ये त्याला अटक झाली. दमणहून वसईचा तुरुंग, तिथून जानेवारी १६७४ मध्ये गोवा.

व्हडल्या घरातल्या कोठड्या स्वच्छ होत्या, जेवण मिळायचं, हे तो प्रामाणिकपणे नोंदवतो. त्रास शांततेचा. कोठडीत रडायलाही बंदी, बोललं तर फटके, पुस्तक नाही, खटला कुठवर आला याचा पत्ता नाही. महिने गेले तसं त्याने जीव द्यायचा प्रयत्न केला, एकदा नाही, अनेकदा. मूर्ती आणि बाप्तिस्म्याबद्दलचं त्याने कबूल केलं होतं, पण न्यायालयाबद्दल बोललेलं त्याच्या ध्यानीमनी नव्हतं आणि फिर्यादीत नेमका त्यावर भर. पेद्रूचा पेच, फक्त आरोपी युरोपियन.

१२ जानेवारी १६७६ ला त्याला इतर कैद्यांसोबत अनवाणी मिरवणुकीत चालवलं. या सोहळ्याचं नाव आउतो-दा-फे, म्हणजे श्रद्धेचा विधी. अंगरखे वाटले जात असताना काहींच्या वाट्याला ज्वाळा आणि सैतान रंगवलेले आले. देलाँला साधा पिवळा मिळाला, तेव्हा त्याला कळलं की आपण जगणार. त्याला हिंदुस्थानातून हद्दपारी आणि पोर्तुगालात पाच वर्षं सक्तमजुरी झाली. त्याच दिवशी एक पुरुष आणि एक स्त्री जाळली गेली, आणि मृतांच्या हाडांच्या पेट्याही. पुढे ओळखीपाळखीने लवकर सुटून त्याने १६८७ मध्ये पुस्तक छापलं आणि युरोपभर गोव्याचं नाव झालं.

१८०८ मध्ये क्लॉडियस ब्युकॅनन हा स्कॉटिश पाद्री गोव्यात आला आणि चक्क तिथल्या एका इन्क्विझिटरकडेच पाहुणा म्हणून राहिला. त्याने यजमानापुढे देलाँचं पुस्तक ठेवलं आणि यातलं खरं किती असं विचारलं. वर्णनातलं बरंच यजमानाने मान्य केलं. कोठड्या दाखवा म्हटल्यावर मात्र नकार. सव्वाशे वर्षांनंतरही नियम एकच होता, आतलं बाहेर जाऊ द्यायचं नाही.

६. देवळं कोणी पाडली?

या जागी आपल्याकडे दोन गोष्टींची सरमिसळ होते. गोव्याच्या तिसवाडी भागातली देवळं १५४० च्या सुमारास पाडली गेली, तेव्हा हे न्यायालय नव्हतंच. सासष्टीतली शेकडो देवळं १५६७ मध्ये राशोलच्या कप्तानाने पाडली. तो लष्करी आणि सरकारी कारभार. अनाथ मुलांना ख्रिस्ती करण्याचा हुकूम १५५९ चा, राजाचा. कोकणी सोडून तीन वर्षांत पोर्तुगीज शिका हा १६८४ चा हुकूम व्हाइसरॉयचा. देवळं पडत होती त्याच धामधुमीत कुठ्ठाळीचा मंगेश प्रियोळला, केळशीची शांतादुर्गा कवळ्याला आणि वेर्णेची म्हाळसा म्हार्दोळला गेली, कारण खाडीपलीकडचा फोंड्याचा मुलूख अजून आदिलशाही होता. सगळ्यावर 'इन्क्विझिशन' ही एकच चिठ्ठी चिकटवली की व्हाइसरॉय, कप्तान आणि राजा सुटून जातात. मला तो हिशेब मान्य नाही.

७. मग खानदेशात का नाही?

याचं उत्तर अशीरगडावर मिळतं. एरंडोलपासून हवाई अंतराने सव्वाशे किलोमीटरच्या आतच. १६०० मध्ये अकबराने खानदेशच्या फारुकी सुलतानांच्या या किल्ल्याला वेढा घातला, तेव्हा त्याच्या छावणीत जेरोम झेवियर हा जेझुइट पाद्री होता, फ्रान्सिस झेवियरच्या बहिणीच्या वंशातला. अकबराला पोर्तुगीजांकडून तोफा हव्या होत्या; जेरोमने मदत करायला नकार दिला आणि बादशहा संतापला. गंमत अशी की किल्ल्याच्या आत फारुकींच्या बाजूने लढणारे काही पोर्तुगीजही होते. जानेवारी १६०१ मध्ये किल्ला पडल्यावर ते कैद झाले. मुसलमान राजाच्या नोकरीत जाऊन धर्माकडे पाठ फिरवणारा पोर्तुगीज हे गोव्यात इन्क्विझिशनचं नेहमीचं गिऱ्हाईक. अशीरगडावर मात्र जेरोमला ती माणसं बादशहाकडे मागून घ्यावी लागली.

गोव्यातल्या पाद्र्यामागे शिपाई, तुरुंग आणि वल्ह्याची गलबतं होती. अकबराच्या तंबूत त्याच्यामागे फक्त युक्तिवाद होता. राजाचा हात काढून घेतला की इन्क्विझिशनचा साधा धर्मप्रचार होतो. वसईतही तेच झालं. १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी किल्ला घेतला, पोर्तुगीज शिपाई गेले आणि न्यायालयाचा अंमलही गेला. वसईचे ख्रिस्ती लोक मात्र राहिले, आजही आहेत.

८. किती?

गोव्याचं न्यायालय १७७४ मध्ये पोंबाल या पोर्तुगीज मंत्र्याने बंद केलं, तो पडल्यावर लवकरच ते पुन्हा उघडलं आणि १८१२ मध्ये कायमचं मिटलं. १५६१ ते १७७४ या काळात सोळा हजारांवर खटले झाले. प्रत्यक्ष जाळलेले ५७. मेलेले किंवा पळालेले म्हणून पुतळा अथवा हाडं जाळलेले ६४. म्हणजे दर हजार आरोपींमागे साडेतीनच्या आसपास माणसं प्रत्यक्ष चितेवर गेली.

आकडा ऐकून काहींचा हिरमोड होतो, काहींना सुटल्यासारखं वाटतं. दोन्ही घाई आहे. देलाँ या ५७ मध्ये नाही, तुरुंगात मेलेले नाहीत, वल्ही मारताना संपलेले नाहीत, जप्तीने उघड्यावर पडलेली घरं नाहीत. आणि शेजारणीची जबानी तर कुठल्याच रकान्यात बसत नाही.

शिवाय मोजायला कागदच थोडे उरले. न्यायालय मिटल्यावर गोव्यातलं बहुतेक दप्तर जाळण्यात आलं. अ. का. प्रियोळकरांनी १९६१ मध्ये या विषयावर इंग्रजीत ग्रंथ काढला, तोही या अभावाशी झगडतच, देलाँ, ब्युकॅनन आणि सरकारी हुकूम एकत्र करून. मूळचं जे उरलं ते गोव्याबाहेर आहे: रिओच्या राष्ट्रीय ग्रंथालयातला पत्रव्यवहार, आणि लिस्बनमधली एक जाडजूड सूची. ती न्यायालयाच्याच जुआंव देल्गादु फिगैरा या अधिकाऱ्याने १६२३ मध्ये तयार केली. कोणाला, कुठून, कशासाठी धरलं आणि काय सजा दिली हे तिच्यात नावानिशी आहे. पहिल्या साठेक वर्षांपुरतं तरी संशोधक तीवरून माणसं मोजत आहेत.